खोपीवरची चादर

१८ सप्टेंबर १९६१
टपालबोटीने पोचले. घर लहान, पण चूल धूर करत नाही. उन्हाळ्याचे पाहुणे गेले, मागे बारा मळक्या चादरी ठेवून. ईस्टरपर्यंत घर राखायचं काम माझं. मुलगा एइलिफ विचारत होता, आई, तिथे करमेल का. त्याच्या बायकोपुढे कुठे करमत होतं? इथे भांडी तरी माझ्या मनाप्रमाणे लागतात.

२० सप्टेंबर
खाडी अरुंद, दोन्हीकडे डोंगर. ऊन येतं ते फक्त होडीच्या खोपीवर, पाण्याकडच्या भिंतीला. तिथेच एक चादर टांगली. शेजारीण आस्लॉग हातात अर्धा सोललेला बटाटा घेऊन धावत आली नि तिने चादर ओढून काढली. म्हणे, त्या भिंतीला चादर लावली की खाडीपलीकडचे होडी घेऊन न्यायला येतात, जुनी रीत आहे. मी म्हटलं, पलीकडे तर कुत्रंही नाही. तिनेच सांगितलं, तीस वर्षांपूर्वी डोंगर पाण्यात कोसळला, लाटेने सगळी वस्ती नेली, तिच्या बहिणीसकट. मग येणार कोण, मी विचारलं.
"तेच येतात, गुनवोर. आणि रिकामे परतत नाहीत."
मला हसू आलं. बटाटा मात्र तिने माझ्याच अंगणात टाकला.

२४ सप्टेंबर
पलीकडच्या काठाशी होडी दिसतेय. आस्लॉग हिवाळ्यासाठी लेकीकडे निघाली. चल म्हणाली. मी नाही म्हटलं. कालपरवा लावलेली फडताळं मेलेल्यांच्या भीतीने सोडू?

२९ सप्टेंबर
होडी खाडीच्या मध्यावर. हलत नाही, पण रोज जवळ असते. टपालबोट आली नाही, धुकं. पाच दिवसांत कोणाशी बोलले नाही. आज कॉफीचे दोन पेले मांडले नि स्वतःलाच शिव्या दिल्या.

२ ऑक्टोबर
ऊन डोंगरामागे गेलं, आता फेब्रुवारीतच. होडी नीट दिसते. वल्हवणारी बाई आहे. वल्हवणाऱ्याची पाठ जायच्या काठाकडे असते. हिचं तोंड माझ्याकडे आहे.

४ ऑक्टोबर
पाचजण. मधली बसायची फळी रिकामी—
धुकं. टपालबोट नाही.

५ ऑक्टोबर
होडी खोपीला बांधलीय. दार लावलं. टेबल दाराशी सरकवलं.

दुपार
पायरीवर उभे आहेत. ओले. दारावर थाप मारत नाहीत. ती बाई हळू म्हणाली, "ये ना, जागा ठेवलीय."
असं मला कोणी कधी— एइलिफनेसुद्धा—
टेबल मीच बाजूला