म्हातारा दार लावतोय

डार्विन,
रविवार, १६ फेब्रुवारी २०२५

प्रिय निहारिकाताई,

सप्रेम नमस्कार. कॅसल हिलला तुम्ही सगळे बरे असाल. इथे सकाळपासून पाऊस आणि उकाडा. कपडे ड्रायरमध्ये टाकले, वरणभात केला, विश्रामच्या शर्टांची पिशवी गाडीत ठेवली. अजून कुणाला देऊन आले नाही.

तुमच्या भावाचा तो आवडता इटालियन दिग्दर्शक आठवतो ना, पन्नास-साठच्या दशकांतला? आधी विनोदी सिनेमे, मग ग्रीक पहिलवानांचे, मग भुताचे, शेवटी घोडे-बंदुकांचे. विश्राम म्हणायचा, "हा गॅस प्लँटवरच्या आम्हा लोकांसारखा. मिळेल ती शिफ्ट करतो, कुरकुर नाही." रविवारी दुपारी आम्ही त्याचे सिनेमे क्रमाने बघायचो. गेल्या जुलैत भुताचे सुरू झाले आणि मी डोळे मिटायला लागले. मग तोच सांगायचा.

"काही नाही गं, म्हातारा दार लावतोय."

"आणि आता?"

"आता चहा पितोय. इटालियन असून चहा! उघड डोळे."

मागच्या रविवारी घरात आवाज हवा म्हणून त्यातलाच एक परत लावला. या वेळी डोळे उघडे ठेवले. ताई, म्हातारा दार लावत नव्हता. बायकोला भिंतीत चिणत होता. चहा तर कुठेच नव्हता.

तेव्हापासून भीती वाटते. भुतांची नाही.

जूनमध्ये तो स्कॅनचा रिपोर्ट घेऊन आला, तेव्हा मी पार्किंगमध्ये गाडीत बसले होते. काय म्हणाले, विचारलं. "काही नाही गं, ॲसिडिटी." अगदी त्याच आवाजात. मी रिपोर्ट मागितलाही नाही. दिवाळीआधी तो गेला. सगळे म्हणाले, अचानक. मीही तेच म्हणत आले.

तुम्ही डॉक्टर, शिवाय त्याची मोठी बहीण. त्याला माहीत होतं का? तुम्हाला त्याने सांगितलं होतं का? फोनवर विचारायला जाते आणि तुमच्या नुपूरच्या युनिव्हर्सिटीची चौकशी करून ठेवून देते. माहीत असेल, तर ते सगळे रविवार तो माझ्या शेजारी बसून एकटाच घाबरत होता. आणि मी त्यालाच विचारत होते, आता काय चाललंय?

जे असेल ते लिहा. फक्त मला झेपेल असं करून लिहू नका.

क्रमातला पुढचा सिनेमा राहिलाय, भुताचाच. पाकीट बंद करते, चष्मा पुसते आणि तो सिनेमा लावते.

उत्तराची भीती वाटते, तरी वाट बघते.

तुमची,
विनीता