सोबतीला कोण आहे?

ती. ताईस,

धाकट्याचा नमस्कार. तुझे गुडघे काय म्हणतात? दाजींचा खोकला हटला का? (नसेल हटला तर कळवू नकोस, मी उगाच काळजी करत बसतो.) इकडे सगळं ठीक. उजव्या डोळ्याच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. आधी कळवलं नाही, कारण कळवलं असतं तर तू आली असतीस आणि माझं स्वयंपाकघर तुझ्या नजरेस पडलं असतं.

डॉक्टरीणबाईंनी बजावलं होतं की, परत जाताना डोळ्यावर पट्टी असेल, सोबत माणूस आणा. आता माणूस आणू कुठून? शेजाऱ्यांशी ओळख लिफ्टमध्ये मान हलवण्यापुरती. काउंटरवर ठोकून दिलं, की माणूस गाडी लावतोय. मग बाहुली मोठी करायचे थेंब घातले, भुवईच्या वर पेनाने बाण काढला (उजव्याऐवजी डावा डोळा व्हायला नको म्हणून) आणि ओळीने बसवून ठेवलं. हळूहळू समोरचं सगळं धूसर झालं.

आत काहीच दुखलं नाही. डोळा बधिर करतात, तोंडावर कापड टाकतात, डोळ्यापुरतं भोक ठेवतात. दिसतो तो नुसता उजेड, पाण्यात साखर विरघळावी तसा हलणारा. बोलायचं नाही, असं सांगितलं होतं (त्याचा मला घरी भरपूर सराव आहे). मी हलू नये म्हणून नर्सने माझा हात धरून ठेवला होता. खरं सांगतो, ऑपरेशन फार लवकर आटोपलं असं वाटलं.

चाकाच्या खुर्चीतून बाहेर आणल्यावर तिने मोठ्याने विचारलं, "यांच्या सोबतीला कोण आहे?" कुणी उठेना. तिने पुन्हा विचारलं. मी आपला दाराकडे बघत राहिलो, जणू गाडी लावणारा आता येतोच आहे. तेवढ्यात नवऱ्याला न्यायला आलेल्या एक बाई उठल्या.

"मी आहे," त्या म्हणाल्या. "बहीण आहे यांची."

ताई, रागावू नकोस. त्यांनी सगळ्या सूचना नीट ऐकून घेतल्या: वाकायचं नाही, डोळा चोळायचा नाही, पाणी जाऊ द्यायचं नाही, दुखू लागलं किंवा अंधुक दिसू लागलं तर लगेच यायचं. टॅक्सीत मागे आम्ही दोघे एकेका डोळ्याचे पुरुष, पुढे त्या. नवऱ्याने हळूच विचारलं, की मी हिचा कुठला भाऊ. दूरचा, म्हणालो. दारापर्यंत सोडून गेल्या. नाव विचारायचं राहूनच गेलं.

आता पट्टी निघाली. क्रीम रंगाच्या समजत होतो त्या भिंती पांढऱ्या निघाल्या. थेंब माझे मीच घालतो. कुणावाचून काही अडत नाही.

तुझा,
धाकटा

ता. क. डाव्या डोळ्याची तारीख पुढच्या महिन्यात आहे. मुद्दाम येऊ नकोस.

ता. क. (दुसरा) थेंब मीच घालतो हे खरं, पण निम्मे कानात जातात. बाटली जवळ आली की डोळा आपोआप मिटतो. समोर बसून कुणीतरी "वर बघ" म्हणावं लागतं. हुकूम सोडायची तुला लहानपणापासून हौस, म्हणून आपलं विचारलं.