सुचिताच्या पत्राचं दुसरं पान

उंद्री, ता. चिखली
४ ऑगस्ट २०२४

चि. सुचिता हिला मोठेबाबांचे अनेक आशीर्वाद.

इकडे सगळे बरे आहेत. तुझ्या मोठ्या आईचा गुडघा पावसाळ्यात कुरकुरतो तसा कुरकुरतोच आहे. गाय व्याली, गोऱ्हा झाला. खामगावची तुझी खोली कशी आहे? घरमालकीण तू कॉलेजात शिकवायला गेल्यावर खोली उघडते का, हे दाराच्या फटीत कागदाचा कपटा ठेवून बघ. मी चिखलीला खोली करून राहत होतो तेव्हा मालकाला असंच पकडलं होतं.

फोन का केला नाही, असं वाटेल. मी फोनवर बोलायला लागलो की तुझी मोठी आई भाजी निवडणं थांबवते. आणि मोबाईलवर लिहिलेलं कोणाकोणाच्या हातात फिरेल याचा काही नेम नाही. पत्र कसं, ज्याचं त्यालाच जातं.

एक शंका विचारायची आहे. एका बाटलीवरून जसंच्या तसं उतरवून देतो : '२,४-डी इथाईल एस्टर, ३८ टक्के ई.सी.' तणनाशक आहे एवढं मला कळतं. याच नावाचं दुसरं मिळतं, त्यावर 'अमाईन सॉल्ट' लिहिलेलं असतं. औषध एकच, मग फरक कशाचा? एस्टर म्हणजे नेमकं काय, आणि त्याने काय होतं? कॉलेजच्या लॅबमध्ये तीस वर्षं काढली खरी, पण मी बाटल्या पुसणारा माणूस. एस्टर म्हणजे माझ्या लेखी केळ्याचा वास. तू सातवीत असताना शनिवारी माझ्यासोबत लॅबमध्ये यायचीस. सरांनी परीक्षानळीत आम्ल आणि अल्कोहोल घेतलं, वरून सल्फ्युरिक ॲसिडचे थेंब टाकले, नळी गरम पाण्यात धरली, आणि तू मला म्हणालीस, "मोठेबाबा, यात केळं कोणी टाकलं?" पुढे त्याच विषयात तू एम.एस्सी. झालीस तेव्हा पेढे माझ्या धाकट्या भावाने, तुझ्या बापाने वाटले. मी मनात म्हटलं, वाटू दे, काही हरकत नाही, पण सुरुवात माझ्या लॅबमधली आहे.

हे कशासाठी, ते थोडक्यात सांगतो. माझी पऱ्हाटी, यंदाची सगळी कपाशी, बिघडली आहे. तीन एकरात चांगली मांडीएवढी आली होती. आता नवीन पानं अरुंद, हाताला बोटं फुटावी तशी चिरलेली, थेट भेंडीच्या पानासारखी येतात. कळ्या धरायच्या आधीच पाती गळतात. कृषी केंद्रवाला म्हणाला, २,४-डी लागलंय. मी म्हटलं, लागलंय म्हणजे आपोआप लागलं का? लॅबमध्ये बीकर फुटलं की पोरं म्हणायची, "भाऊ, आपोआप फुटलं." तीस वर्षांत एकही बीकर आपोआप फुटलेलं मी पाहिलं नाही.

कोणावर संशय आहे ते लिहीत नाही. तू फक्त शास्त्र लिही, सविस्तर लिही, आणि खाली सही कर. तुझ्या घरी यातलं काही बोलू नकोस.

तुझे मोठेबाबा,
हिंमतराव


उंद्री
१९ ऑगस्ट २०२४

चि. सुचिता हिला आशीर्वाद.

तुझं पत्र पोचलं. पाकिटाच्या चिकटवलेल्या जागी सुरकुती होती. पोस्टात कोणी उघडलं होतं का, म्हणून मी पोस्टमनला दोनदा विचारलं. त्याला राग आला. राग येणाऱ्या माणसाकडे मी जरा जास्तच बघतो.

पत्र मात्र फार सुरेख लिहिलंस. आम्लाची आणि अल्कोहोलची जोडी जमली, मधून पाणी निघून गेलं, की एस्टर तयार होतं. जोडी जमल्यावर त्याचा स्वभाव बदलतो, पाण्याशी त्याचं फारसं पटत नाही, तेलाशी पटतं. म्हणून पानावरचा मेणाचा थर ओलांडून ते आत शिरतं. म्हणूनच उन्हात त्याची लवकर वाफ होते आणि वाऱ्याबरोबर बांध ओलांडून, धुऱ्यापलीकडे जाते. अमाईन सॉल्ट पाण्यात विरघळतं, तेवढं उडत नाही. इतकं सरळ आम्हाला कोणत्या सरांनी सांगितलं नव्हतं. पहिलं पान मी चार वेळा वाचलं.

आता तुला सांगायला हरकत नाही. माझ्या पश्चिमेच्या धुऱ्यापलीकडे यंदा तुझ्या बापाचा मका आहे. वारं पश्चिमेकडूनच येतं. जुलैत मी त्याला पाठीवर पंप घेऊन मक्यात चालताना पाहिलं. विचारलं, "इंद्रभान, काय मारून राह्यला रे?" तो म्हणाला, "टू-फोर-डी, दादा. मक्यातल्या गवताले. अमाईनवालं हाय, भेव नाही." भेव नाही, हे मी विचारलं होतं का? मी औषधाचं नाव विचारलं, त्याने प्रकार सांगितला. ज्याच्या मनात काही नसतं तो एवढं पुढचं सांगत नाही. बाटली दाखव म्हटलं, तर म्हणाला, पुरून टाकली. बाटल्या पुरायची शिस्त याला कधीपासून आली?

धुऱ्यावरचं बाभळीचं झाड मी तोडलं, तेव्हापासून तो माझ्याशी मोजकं बोलतो, हे तुला माहीत आहे. तेव्हा तो काही म्हणाला नव्हता. न बोलणाऱ्या माणसाच्या मनात काय साठतं कोणाला माहीत.

तू दोन गोष्टी विचारल्यास. शेताच्या कोणत्या बाजूची पानं जास्त वळली आहेत, आणि ती बाटली कोणाची. बाटली कोणाची याला महत्त्व नाही, नमुना म्हणून उतरवली. बाजूंचं म्हणशील तर सगळं शेतच खराब आहे, बाजू काय बघायची?

दुसऱ्या पानावरचं पंपाचंही वाचलं. माझा पंप मी कोणाला देत नाही. शेतातल्या खोपडीला कुलूप असतं, किल्ली माझ्या करदोड्याला. आणि लॅबची सवय आहे, तीन पाण्यांनी धुतल्याशिवाय पंप खुंटीला टांगत नाही. तेव्हा ते पान मला लागू होत नाही.

परवा मी कृषी कार्यालयात रीतसर तक्रार दिली. नाव लिहावंच लागलं. सोबत एका जाणकाराचं लेखी मत जोडलं आहे. तू वाईट वाटून घेऊ नकोस. विज्ञान कोणाचा बाप बघत नाही, हे तूच एकदा म्हणाली होतीस.

मोठेबाबा


उंद्री
१० सप्टेंबर २०२४

सुचिता,

तू उत्तर दिलं नाहीस, फोनही घेत नाहीस. घेऊ नकोस. पण हे पत्र शेवटपर्यंत वाच, कारण यातलं अर्धं वाचलंस तर माझ्यासारखंच होईल.

तो जाणकार कोण, हे तुला एव्हाना तुझ्या आईकडून कळलंच असेल. २७ तारखेला कार्यालयात आम्हा दोघा भावांना समोरासमोर बसवलं. साहेबांनी तुझं पहिलं पान मोठ्याने वाचलं आणि विचारलं, हे कोणी लिहिलं? मी सांगितलं, यांच्याच मुलीने. माझा आवाज तेव्हा फार स्पष्ट होता, सुचिता. तुझ्या बापाने कागद हातात घेतला. तो वाचत नव्हता, अक्षर बघत होता. मग टेबलावर ठेवला आणि उठून गेला. मी साहेबांना म्हटलं, बघा, उत्तर नाही त्यांच्याकडे. साहेब म्हणाले, नऊ तारखेला शेत बघायला येतो.

त्या दिवसापासून तो तुझ्याशीही बोलत नाही, असं तुझी आई तुझ्या मोठ्या आईला म्हणाली. ते मला लागलं. पण तेव्हाही मी चुकलो असं मला वाटलं नाही, हे खरं सांगतो.

तुझं दुसरं पान खोटं ठरवायचं मी मनावर घेतलं. तू लिहिलं होतंस की एस्टर तेलकट असतं, पंपाच्या प्लास्टिकला आणि रबरी नळीला धरून बसतं, नुसत्या पाण्याने निघत नाही, आणि शंका असेल तर पंपात साधं पाणी भरून टोमॅटोच्या रोपांवर मारून पाहा. परसात चार रोपं होती. पंपात एक दिवस पाणी ठेवलं. दोन रोपांवर ते मारलं, उरलेल्या दोन रोपांना लोट्याने विहिरीचं पाणी घातलं. लॅबमध्ये करायचे तसंच. चौथ्या दिवशी पहिल्या दोन रोपांचे शेंडे वाकून गोल झाले. लोट्याची दोन ताठ उभी.

तरी मला पहिल्यांदा काय वाटलं सांगू? खोपडीत शिरून माझ्या पंपात कोणीतरी काही टाकलं. कुलूप तपासलं, कडी तपासली, पत्र्याला कुठे भोक आहे का ते बघितलं. किल्ली करदोड्यालाच होती. मग कोपऱ्यात बघितलं, तर ती बाटली होती. मी तुला जिच्यावरून उतरवून दिलं तीच. ती माझीच, सुचिता. पाऊस सुरू झाला तेव्हा गोठ्यामागचं गाजरगवत मारायला मीच आणली होती. त्याच पंपाने मारलं, तीन पाण्यांनी धुतला, आणि पंधरा दिवसांनी त्याच पंपात पऱ्हाटीवरच्या किडीचं औषध भरलं. काचेची भांडी तीन पाण्यांनी स्वच्छ होतात. मी सगळ्याच गोष्टींना काच समजत आलो.

आणि बाजू. तू पहिल्याच पत्रात विचारलेली बाजू. मला ती पहिल्या दिवसापासून माहीत होती. पाणी विहिरीजवळ, म्हणून फवारणी मी नेहमी विहिरीकडून, म्हणजे पूर्वेकडून सुरू करतो. सगळ्यात जास्त वळले ते विहिरीजवळचे तास, तिकडच्या ओळी. पुढे पुढे पंप धुतला जात गेला तसं कमी कमी. तुझ्या बापाच्या धुऱ्याला लागून असलेले तास सगळ्यात बरे आहेत. सगळं शेतच खराब आहे, असं मी तुला लिहिलं, ते मुद्दाम लिहिलं.

आता जे सांगतो ते तुझ्या मोठ्या आईशिवाय कोणी पाहिलेलं नाही. परवा सकाळी, साहेब यायच्या आदल्या दिवशी, मी विहिरीकडचे तास उपटायला लागलो. सगळ्यात वाईट झाडं दिसलीच नाहीत तर बाजू कोण विचारणार? दोन तास उपटून झाले होते. ती भाकर घेऊन आली आणि बघत उभी राहिली.

"हे काऊन उपटून राह्यले तुम्ही?"

मी म्हटलं, वाया गेलेली झाडं आहेत.

"वाया गेली ते दिसते मले. पण इंद्रभान भाऊजीचा धुरा तर तिकडं हाय. इकडं कोणतं वारं आलं?"

मी हातातलं झाड खाली टाकलं. तिने भाकर विहिरीच्या काठावर ठेवली, आणि उपटलेली झाडं एकेक उचलून, होती त्या तासातच परत आडवी मांडून ठेवायला लागली. म्हणाली, "साहेबाले जसं होतं तसं दिसू द्या." गुडघा धरून धरून तिने दोन्ही तास मांडले. मी बसून राहिलो. लाज वाटली, आणि खूप वर्षांनी वाटली.

काल साहेब आले. मी त्यांना आधी विहिरीकडेच नेलं. पंप दाखवला, बाटली दाखवली, टोमॅटो दाखवले, आणि तक्रार परत घेतो असं लिहून दिलं. कारणाच्या जागी 'आपसात मिटले' असं लिहा, सोपं पडेल, असं ते म्हणाले. मी 'चूक अर्जदाराची' असं लिहिलं. मग धुरा ओलांडून मक्यात गेलो.

इंद्रभान कणसं बघत होता. मी सगळं सांगितलं. तो म्हणाला, "मले पहिल्याच हप्त्यात दिसलं होतं, दादा. विहिरीकडून जास्त वळलं होतं."

"मंग बोलला काऊन नाही?"

"मी सांगतलं असतं तं तुम्ही ऐकलं असतं?" मग एक कणीस चाचपत म्हणाला, "तरी त्या दिवशी साहेबाले सांगनारच होतो. तेवढ्यात त्यायनं पोरीचा कागद वाचला. माह्या पोरीनंच माह्यावर लिहून देल्लं म्हटल्यावर मी कोनासंग भांडू?"

तेव्हा मी खिशातून तुझं दुसरं पान काढलं. तुझं पत्र दोन पानांचं होतं, हे त्याला माहीतच नव्हतं. ते लिहिताना माझा संशय कोणावर आहे हे तुला माहीतच नव्हतं, हेही सांगितलं. त्याने पान हातात घेतलं, लांब धरून सावकाश वाचलं. शेवटच्या ओळीवर थांबला. ती ओळ मला पाठ आहे. 'आणि मोठेबाबा, बाबांना एकदा शेतात बोलावून दाखवा. पिकाचं त्यांना आपल्या दोघांपेक्षा जास्त कळतं.'

ही ओळ वाचून मी तुझं पान घडी घालून खिशात ठेवलं होतं. पंपामुळे नाही, सुचिता. पंपाचं मला तेव्हा पटलंच नव्हतं. या ओळीमुळे ठेवलं. लॅबमध्ये माझं बोट धरून आलेली पोर मला म्हणते की तिच्या बापाला जास्त कळतं, हे मला सोसलं नाही. बाकीचं सगळं मी त्यावर रचलं.

इंद्रभानने पान शर्टाच्या खिशात ठेवलं. मी परत मागितलं नाही. तो म्हणाला, "पोरीले फोन मी लावतो. तुम्ही मधात काही सांगू नका." मग कणसं बघत पुढे गेला. मला 'बसा' म्हणाला नाही. ते बरोबरच आहे.

त्याचा फोन आला तर उचल. नाही आला तर तू कर, त्याला बोलायला वेळ लागतो. माझा उचलला नाहीस तरी चालेल. पऱ्हाटीचं जे होईल ते होईल.

या वेळी पाकीट मी चिकटवलेलं नाही. तुझी मोठी आई आधी वाचेल आणि मग तीच पोस्टात टाकेल.

तुझं अर्धंच पत्र ज्याने लोकांना वाचायला दिलं तो,

हिंमतराव

(सहीच्या वर 'मोठेबाबा' लिहायचं चुकून राहिलेलं नाही. ते लिहायचं की नाही, हे तू कळव.)