रस कोण देणार?

तीर्थपुरी,
१७ एप्रिल

लाडक्या यशूस,

अण्णाचा पोटभर आशीर्वाद. पोटभर लिहून गेलो अन् मलाच कसंतरी झालं. असू दे, खोडत न्हाई.

इकडं सगळं बराबर हाय. मृगबहाराची मोसंबी निघाली, औंदा फळ बारीक पण गोड हाय. तुझ्या भावानं, केदारनं, ठिबकच्या नळ्या बदलल्या. आई मजेत हाय, तिला कामच लई. ती रडती म्हणून तू फोन उचलत न्हाईस, तवा कागदावर लिहून राह्यलो. केदार फोटो काढून धाडील.

तू तिकडं परदेशात, कॉलेजात तंबू टाकून उपोषणाला बसलीस, हे गावभर झालंय. परवा सकाळी कडूबाच्या हाटेलात सगळ्यांनी घेरलं मला. पाण्यासाठी, पीकविम्यासाठी बसल्याली माणसं त्यांनी पाह्यली, पण दुसऱ्याच्या लढाईपायी बसल्याली पोरगी पहिलीच.

"कुणाची लढाई हाय, अण्णा?" कडूबा म्हणला.

"लांबच्या लोकाची. कॉलेजचा पैसा बॉम्ब करणाऱ्या कंपनीत हाय, तो काढा म्हणती."

"मंग कलेक्टर आल्ता का न्हाई अजून?"

सगळे हसले. मी बी हसलो अन् चहा तसाच ठेवून उठलो.

आपल्याकडं उपोषण एकट्याचं नसतं, यशू. एक बसतो, दुसरा रसाचा ग्लास घेऊन येतो. तहसीलदार, आमदार, न्हाईच कोणी तर गावातलं एखादं म्हातारं. चौकातल्या किती उपोषणांना रस आपल्या मळ्यातून गेला, पातेलं तूच धरायचीस. म्हणूनच परवा तू केदारला मेसेजात म्हणलीस ना, "रस द्यायला कोणी आल्याशिवाय मी कशी उठू?" अगं माय, त्या लोकायला हे ठाऊकच न्हाई! ते तुझ्या तंबूवरून पुस्तकं घेऊन जातील अन् तू त्यांच्या हाताकडं बघत राहशील. मी येतो म्हणलं, तर व्हिसा न्हाई.

तू चुकलीस असं बिलकुल म्हणत न्हाई. तुझ्या खोलीतल्या त्या पोरीचं घर अन् दोन भाऊ बॉम्बखाली गेले, तिच्यासाठी कोणीतरी बसायलाच पाह्यजे. टीव्हीवर ढिगाऱ्यातून लेकरू काढताना आईनं पाह्यलं. "माझी यशू बराबर बसली," म्हणली अन् टीव्ही बंद केला.

आता खरं लिहितो. वर खोटं लिहिलं, गावाचं नाव बी. आई मजेत न्हाई. तू बसल्यापासून तिनं भाकरीला हात लावला न्हाई. आधी म्हणली चतुर्थी हाय, मंग म्हणली एकादशी. मला तिथी कळत न्हाईत का? धरून विचारलं, तर म्हणली, "लेकरू उपाशी अन् मी कशी गिळू?" तिची शुगर तुला ठाऊक हाय. काल ओट्यापाशी पडली. जालन्याला आणलं, सलाईन चालू हाय, तिच्या उशाशी बसूनच लिहितोय. तुला सांगायचं न्हाई म्हणून तिनं मला तुझीच शपथ घातल्ती. म्हणली, लेकीचं आंदोलन माझ्यापायी मोडायचं न्हाई. मी शपथ मोडली. काय पाप लागायचं ते मला लागू दे.

रस मी देऊन पाह्यला, केदारनं दिला. तोंड फिरवती. तिला उठवायला तूच लागतीस, दुसरं कोणी चालत न्हाई.

सलाईन संपलं की केदार फोन लावील. एवढ्या खेपेला उचल. तिच्या हातात ग्लास राहील, तुझ्यापाशी साखरपाणी असलं तरी चालंल. तू तिला 'घे' म्हण, ती तुला म्हणंल. यानं लढाई थांबणार न्हाई, कळतं मला. लई वाईट वाटतं त्याचं. मंग उठून ओरडा, मोर्चे काढा, मी बी चौकात बसतो तुझ्यासंगं. पण आधी घोटभर पी, माय.

दोन उपाशी बायांच्या मधी ग्लास धरून उभा असलेला,

तुझा अण्णा