बोर्ड घेऊन गेलोय

ताई,

टीव्ही उघडा ठेवलाय, हात लावू नकोस. आतला बोर्ड घेऊन दुकानवाल्या मित्राकडे चाललोय. त्याच्याकडे चिपमध्ये फर्मवेअर, म्हणजे टीव्ही चालवणारं सॉफ्टवेअर, थेट भरायचं मशीन आहे. जमेल की नाही माहीत नाही, पण घरात बसवत नाहीये. जेवायला थांबू नका.

बाबांना मी सांगितलं की चुकीची फाइल टाकली म्हणून बोर्ड गेला. ते खोटं आहे. फाइल बरोबर होती, आपल्याच स्क्रीनची. पेन ड्राइव्ह लावलेला, लाइट लुकलुकत होता, अपडेट संपायला दोनच मिनिटं राहिलेली. मी पाणी प्यायला आत गेलो आणि बाबांनी जाता जाता बटण बंद केलं. रिटायर झाल्यापासून घरभर बटणं बंद करत फिरणं, एवढंच काम उरलंय त्यांना. त्यांच्या लक्षातही नाही.

"मोबाइलवर बघून कोणी मेकॅनिक होतं का रे?" म्हणाले. म्हणू देत. तुला विचारलं तर तूही चुकीची फाइलच सांग.

तुला अंदाज आला असणार, म्हणूनच रात्री बटणावर 'बंद करू नये' असा कागद चिकटवलास. तो मी काढलाय. सकाळी बाबा त्याच्यासमोर बराच वेळ उभे होते.