रोशनच्या कागदावरची सही

नवघर, भाईंदर (पूर्व)
२४ फेब्रुवारी २०२५

ती. दादा यास,
उर्मिलाचा सा. न. वि. वि.

फोनवर तुला नीट ऐकू येत नाही आणि मला ओरडून बोलता येत नाही, म्हणून लिहिते.

ह्यांना जाऊन आज छत्तीस दिवस झाले. आम्ही ठीक आहोत. स्वप्नाली कामावर जाऊ लागली. रोशन काशीमीऱ्याच्या गोदामात जातो, पण त्याचे मन तिथे नाही.

ह्यांचे रिव्हॉल्व्हर कपाटात आहे. सैन्यातून सुटल्यावर एकोणीस वर्षे सराफाच्या मालाबरोबर जाताना हेच त्यांच्या कमरेला असायचे. गेलेल्या माणसाची वस्तू वर्षश्राद्धापर्यंत घराबाहेर काढायची नाही, ही सासरची रीत. म्हणून कपडे, चष्मा, रिव्हॉल्व्हर, सगळे जागच्या जागी आहे.

रोशनला आता ते स्वतःच्या नावावर हवे आहे. एका बिल्डरकडे गनमॅनची जागा आहे. बाकीच्या वारसांनी, म्हणजे मी आणि स्वप्नालीने, संमती दिली तर त्याला परवान्याचा अर्ज करता येतो. संमतीचा कागद त्याने टेबलावर आणून ठेवला आहे. स्वप्नाली म्हणते, मम्मी करेल तर मी करीन. परवा तो रिकामे होल्स्टर कमरेला लावून, वरून शर्ट सोडून, बाहेरून काही दिसते का ते आरशात बघत होता. मी स्वयंपाकघरात परत गेले.

नाही म्हटले तर बापाची जागा घेऊ दिली नाही असे त्याच्या मनात राहील. हो म्हणायला हात उचलत नाही. तू कचेरीत जन्म काढलास. सही करू की नको, तूच सांग.

वहिनीला नमस्कार. तब्येतीला जप आणि उत्तर लवकर धाड.
तुझी
उर्मिला


दापोली
३ मार्च २०२५

चि. उर्मिला हिस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

पाकिटावर तुझ्या नावाआधी काय लिहावे, यावर पंधरा मिनिटे अडलो. शेवटी नुसते श्रीमती लिहिले.

आधी कामाचे. परवाना माणसाच्या नावे असतो, घराच्या नावे नसतो. हरिश्चंद्रराव गेले त्या दिवसापासून ते हत्यार तुमच्याकडे विनापरवाना आहे आणि तो गुन्हा आहे. रीत कपड्यांना आणि चष्म्याला पाळ. रिव्हॉल्व्हर आणि काडतुसे ताबडतोब पोलीस ठाण्यात जमा कर. एक दिवसही थांबू नकोस.

(पान दुसरे)

मात्र तू स्वतः ते घेऊन रस्त्यावर पाऊल टाकू नकोस. तुझ्याकडे परवाना नाही, तेव्हा पिशवीत लपवून नेणे हाही गुन्हाच. ठाण्यात फोन कर, ते सांगतील तसे कर.

आता रोशनचे. वारसाला परवाना मिळू शकतो, पण आपोआप मिळत नाही. अर्ज, डॉक्टरचा दाखला, हत्यार हाताळण्याचे प्रशिक्षण, पोलिसांची चौकशी, आणि हत्यार कशासाठी हवे त्याचे कारण. मिळाला तरी मिरवता येत नाही. होल्स्टरमध्ये, पूर्ण झाकलेले, स्वतःच्या ताब्यात. हे त्याला वाचून दाखव.

सहीचे मी सांगणार नाही. लहानपणी नको असलेले कारले तू माझ्या ताटात सरकवायचीस. हे सरकवू नकोस. हो किंवा नाही, जे असेल ते त्याला तोंडाने सांग.

माझ्या रागावण्यामागे माया आहे, एवढे धरून चाल.
तुझा दादा
आत्माराम


नवघर
१० मार्च २०२५

ती. दादा यास,
सा. न. वि. वि.

रागावू नकोस. तुझे पहिले पान वाचले आणि एक दिवसही थांबू नकोस म्हटलेस म्हणून तशीच उठले. रिव्हॉल्व्हर ह्यांच्या मफलरमध्ये गुंडाळले, काडतुसांची डबी वेगळी घेतली, भाजीच्या पिशवीत घातले आणि रिक्षा केली. रिक्षावाला हिंदीत विचारत होता की मावशी, पिशवी एवढी छातीशी का धरलीय, खाली ठेवा ना. मी म्हटले, अंडी आहेत. दुसरे पान घरी आल्यावर वाचले.

ठाण्यातल्या बाईंनी पिशवी उघडली आणि कपाळावर हात मारला. म्हणाल्या, ताई, परवाना असलेला माणूससुद्धा असे अंड्यासारखे नेत नाही, फोन केला असता तर आम्ही आलो असतो. मृत्यूचा दाखला आणि जुना परवाना बघितला, उशीर का झाला आणि असे का आणले ते माझ्याकडून लिहून घेतले, मग पोच दिली. पुढे बोलावले तर यावे लागेल.

रोशनला वाटते, आता अर्जाचा रस्ता मोकळा झाला. बिल्डरला महिनाअखेर उत्तर द्यायचे आहे. कागद अजून टेबलावर आहे. आम्ही त्याच्या बाजूला ताटे मांडून जेवतो.

आशीर्वाद असू दे, आज जरा जास्तच.
उर्मिला


दापोली
१५ मार्च २०२५

चि. उर्मिला हिस, आशीर्वाद.

अंडी वाचून तुझी वहिनी अर्धा तास हसत होती. मी हसलो नाही, रक्तदाबाची गोळी घेतली. यापुढे महत्त्वाचे ते पहिल्या पानावर लिहीन. तू त्या कागदाचे काहीतरी कर. ताटाला जागा होईल.

तुझ्या पत्राची वाट पाहणारा
दादा


नवघर
२ एप्रिल २०२५

ती. दादा यास,
सा. न. वि. वि.

मी सही केली नाही. बावीस तारखेला रोशनला समोर बसवून सांगितले की करणार नाही. पंचवीस वर्षांत त्याला असे तोंडावर नाही पहिल्यांदाच म्हटले. तो उठून वरसाव्याला मित्राकडे गेला आणि आठ दिवस आला नाही. स्वप्नालीला मेसेज यायचे, मला नाही.

पाडव्याला दुपारी आला. यंदा आमच्याकडे गुढी नव्हती. जेवला आणि मग विचारले, का नाही. मी म्हटले, पप्पा तुला कधी उचलून घ्यायचे का, आठवते? तो म्हणाला, नाही, त्यांना मी आवडत नव्हतो. म्हणून तर त्यांचे काम करून दाखवायचे होते.

दादा, हे त्याच्या मनात आहे हे मला माहीत नव्हते. मग सांगितले. कामावरून आल्यावर कमरेला हत्यार असायचे. पोरे पळत यायची, तेव्हा हे हात पुढे करून त्यांना लांब थांबवायचे, कुणाचा धक्का लागू नये, कुणाचा हात तिथे जाऊ नये म्हणून. ते काढून, कुलूप लावून येईपर्यंत पोरे खेळायला गेलेली असायची. मग हे नुसते दारात उभे राहायचे. एकोणीस वर्षांत एकदाही गोळी झाडली नाही त्यांनी, पण रोज एवढे द्यावे लागले. तू ते द्यावेस असे मला वाटत नाही, असे म्हटले.

तो उठला. मग कागद घेऊन गेला.

काल आम्ही तिघे पोलीस ठाण्यात गेलो. रिव्हॉल्व्हर परवानाधारक विक्रेत्यामार्फत विकायचा अर्ज दिला. त्यावर मात्र मी लगेच सही केली. बिल्डरला त्याने नकार कळवला. गोदामात त्याला पाळीचा सुपरवायझर करतायत, बघू.

आज सकाळी कामाला निघताना तो दारातून परत आला आणि मला मिठी मारली. आपल्या घरात तशी पद्धत नाही. माझे हात पिठाचे होते. त्याचा शर्ट पांढरा झाला तरी तो झटकला नाही, तसाच गेला.

वहिनीला नमस्कार. इकडे ये एकदा, हे सगळे लिहून पुरत नाही.
तुझी
उर्मिला