लग्नातला नाच आधी तू बघ

बांडुंग, इंडोनेशिया
१४ मार्च २००८

सौ. सुमन,

तुझे गुडघे कसे आहेत? आईचा खोकला थांबला का? पूजाचा ताप उतरला का? माझी काळजी नको. मालेगावात मागावर शिकलो, तेच इथल्या गिरणीत शिकवतो. जेवण वेळेवर होतं.

एक सांगायचं राहिलं. गिरणीतल्या एका कामगाराच्या लग्नात डांगडुत गाण्यांचा कार्यक्रम होता. ठेका अगदी आपल्या हिंदी सिनेमासारखा. इथं पाहुण्यानं स्टेजवर जाऊन गाणारणीच्या हातात नोटा द्यायच्या आणि दोन पावलं नाचायचं, अशी रीत. नवरदेवाची आईच म्हणाली, "मिस्त्री, चढा वर." चढलो.

कुणीतरी त्याचा व्हिडिओ इंटरनेटवर टाकलाय. इथं सगळे कौतुक करतात, पण माझं कामात लक्ष नाही. पूजाचा साखरपुडा तोंडावर आलाय. मनमाडच्या पाहुण्यांनी पाहिलं तर म्हणतील, मुलीचा बाप परदेशात दौलतजादा करतो. तिथं बायाबापड्या बसून टाळ्या वाजवत होत्या, हे कोण ऐकून घेणार?

झाकली मूठ सव्वा लाखाची खरी, पण ही मूठ साऱ्या जगापुढं उघडी पडलीय. आपल्या पोराला, अमोलला, घेऊन सायबर कॅफेत जा; व्हिडिओचा इंटरनेटवरचा पत्ता पत्राच्या मागं लिहिलाय. आधी तू बघ, मग पाहुण्यांना तूच दाखव.

हसू येवो की राग, जे येईल ते लिही. पण लवकर लिही.

तुझा,
पुंजाराम